मैदानावर फक्त शुद्ध मराठी

२ सप्टेंबर
लोणखेड्याच्या आमच्या कॉलेजच्या फुटबॉल टीमचा कॅप्टन झालो. विरोधात कोणी उभंच राहिलं नाही. यात काहीतरी असणार. असो. टार्गेट: विद्यापीठाच्या टीममध्ये जायचंच. शेवटचं वर्ष आहे (तिसऱ्यांदा). उद्यापासून सकाळी पाच किलोमीटर पळणार.

३ सप्टेंबर
पळालो नाही. गोलकीपर करमसिंग माझ्याकडे बघून हसला. का, विचारलं, तर म्हणे, दादा, सहज. सहज कोण हसतं?

९ सप्टेंबर
आज नीट लक्ष ठेवलं. टीममधले सात जण धडगावकडचे. होस्टेलला राहतात, आपापसात त्यांची पावरी भाषा बोलतात. बॉल माझ्याकडे यायला लागला की करमसिंग गोलमधून एक ठरलेलं वाक्य ओरडतो आणि बॉल दुसरीकडे जातो. अकरा वेळा झालं. त्यात 'कॅप्टन' हा शब्द स्वच्छ ऐकला.

सेंटर-हाफ ललितला सांगितलं. तो पुरुषोत्तमनगरचा, आपल्यातला. म्हणे, त्या त्यासनी भाषामा बोली ऱ्हायनात, तुन्हं काय जास? ललितवरही लक्ष ठेवायला हवं.

१४ सप्टेंबर
मोबाइल सॉक्समध्ये खोचून प्रॅक्टिस केली. ते ओरडणं रेकॉर्ड झालं. नंतर पाणी पिताना त्यांची कुजबुज चालली होती, तीही. होस्टेलच्या मेसमधल्या कालीबाई अर्थ सांगतील, पण त्याही धडगावच्याच. नको.

२० सप्टेंबर
पहिली मॅच जिंकलो, २-०. मला बॉल फक्त तीनदा मिळाला. आता संशय पक्का.

२१ सप्टेंबर
नियम लावला. मैदानावर फक्त शुद्ध मराठी. मोडेल तो बाहेर. आमची अहिराणीही बंद, नाहीतर पक्षपात केला म्हणतील. ललित बॉल मागताना सवयीने 'आठे दे' म्हणाला. बाहेर बसवला.
अर्धा तास मैदानावर कोणीही तोंड उघडलं नाही. शिस्त म्हणतात ती हीच.

५ ऑक्टोबर
नंदुरबारला सेमीफायनल. विद्यापीठाचे सिलेक्टर येणार होते. हरलो, ०-४.
पहिला गोल: करमसिंग आणि बॅक दिवाल्या एकाच बॉलवर धावले, एकमेकांवर आदळले, दोघंही मुके. दुसरा गोल: करमसिंग ओरडला, कृपया मागे पाहावे. तो 'पाहावे'पर्यंत पोचला तेव्हा बॉल जाळीत होता.
मला मात्र बॉल भरपूर मिळाला. विसाव्या मिनिटाला दम संपला. सिलेक्टर हाफटाइमनंतर येऊन बसले, तेव्हा मी गुडघ्यांवर हात टेकून उभा होतो. हे सगळं ठरवून केलंय.

८ ऑक्टोबर, सकाळ
यादी लागली. आमच्या कॉलेजातून एकच नाव. करमसिंग! चार गोल खाऊन! म्हणे नऊ अडवले. पोरांचा डाव उघडा पाडायचाच. मोबाइल घेऊन थेट कालीबाईंकडे निघालो.

८ ऑक्टोबर, दुपार
कालीबाई भाकरी थापत होत्या. ऐकून आधी हसल्या. मग माझ्या तोंडाकडे बघून हसायचं थांबवलं.
ओरडणं म्हणजे, कॅप्टनला राहू द्या, दमेल.
आणि कुजबुज: सिलेक्टर बसले की सगळे बॉल त्यालाच द्यायचे, तोवर त्याला पळवायचं नाही. त्याचं शेवटचं वर्ष आहे, लागला पाहिजे नंबर.
रेकॉर्डिंग पुन्हा लावलं. त्यांनी पुन्हा तेच सांगितलं. भाकरी दिली, ती तशीच हातात घेऊन निघालो. लाज वाटली. खूप.

१० ऑक्टोबर
करमसिंग विद्यापीठाच्या कॅम्पला निघाला. शहादा स्टँडवर सोडायला गेलो. गाडी लागल्यावर त्याने विचारलं, दादा, तिथे गोलमधून ओरडायचं ते कोणत्या भाषेत? टोमणा नव्हता. तो खरंच परवानगी मागत होता.
मी म्हणालो, तुझ्या.
तो म्हणाला, पण दादा, तिथं ती कळणारं कोणीच नसेल.
मी त्याची बॅग वर चढवून दिली. गाडी गेली.