मनमाडहून परत आलेला नारळ

॥ श्री सप्तशृंगी प्रसन्न ॥

चि. मृण्मयीस,
पंचवटीहून आईचे आशीर्वाद.

काल घरी सगळ्यांनी टीव्हीवर तू लिहिलेला सिनेमा पाहिला. आत्या नेहमीसारख्या म्हणाल्या, "हिला एकदा तरी नीट नांदणारी बाई सुचू दे!" मीही हसले. मग तुझी ती बाई, वणीला देवीची ओटी भरायला जाते असं सांगून, लेकीला घेऊन मनमाड स्टेशनवर गेली आणि मी टीव्हीचा आवाज कमी केला.

आपण दोघी तशाच मनमाडला गेलो, तेव्हा तू पाच वर्षांची होतीस. माझ्या फुटलेल्या बांगड्यासुद्धा विसरली नाहीस.

सिनेमातली बाई ओटीचा नारळ बाकावर ठेवून गाडीत चढली. आपण परत आलो होतो.

आज पूजा झाल्यावर तुझे बाबा म्हणाले, "त्या वर्षी वणीहून तू नारळ तसाच परत आणला होतास. का गं?"

"चहा टाकते," एवढंच बोलले. ते बाहेर वाट बघताहेत आणि मी गॅसपाशी उभी राहून हे लिहितेय. देवीच्या नावाने एकदा खोटं बोलले, पुन्हा बोलणार नाही. कप हातात दिला की सांगणार आहे.

गाडीत चढलेली मी कशी दिसले असते, ते तू दाखवलंस. छान दिसले गं.

हे पत्र पाठवत नाही. पाठवलं तर विचारशील, मग आपण परत का आलो? गाडी आली तेव्हा "बाबा पाहिजेत" म्हणून तू रडत होतीस. तेवढं तुला आठवत नाही, तर ते तसंच राहू दे.

तुझी,
आई