तीस सेकंदांची शांतता

सोमवार, ३ मार्च
पोचले एकदाची! घर दुमजली, खिडक्या ऐसपैस, आणि काकू, म्हणजे दिग्दर्शकांच्या पत्नी, बोलायला एकदम मोकळ्या. काका गेल्या वर्षी वारले. चाळीस वर्षांत अकरा चित्रपट, सगळे याच घरात घेतलेले. बघणारे मात्र हाताच्या बोटांवर मोजण्याइतके. एका संस्थेला आता ते जतन करायचेत. रिळं लावणं, आवाजाच्या फिती स्वच्छ करणं हे माझं काम. काकूंनी एकच बजावलं, काही कापू नकोस. संकलन करणारीला हे सांगणं म्हणजे न्हाव्याला कात्रीला हात लावू नको म्हणण्यासारखं! मी हसले. त्याही हसल्या.

गुरुवार, ६ मार्च
शूटिंग झालं की आम्ही चित्रपटवाले सगळेच रिकाम्या खोलीची थोडी शांतता टेप करून ठेवतो, संवादांखाली भरायला लागते. काकांची तऱ्हा न्यारी. दर दृश्यानंतर सगळ्यांना जागच्या जागी उभं करून बरोबर तीस सेकंद घ्यायचे. चित्रपट यथातथाच, पण शांतता काय सुरेख घेतलीय! फक्त दर वेळी कुणीतरी खोकतं. बारीक, कोरडं, दोनदा. अर्धं मिनिट दम धरवत नव्हता का या माणसांना?

मंगळवार, ११ मार्च
शेवटी हात शिवशिवलेच. अकराही चित्रपटांतले खोकले कापून काढले. बोटभर लांबीचे तुकडे, ओंजळभर झाले. सकाळी कचऱ्याच्या गाडीत टाकून आले. फिती आता कशा लख्ख झाल्यात. उद्या काकूंना ऐकवणार.

बुधवार, १२ मार्च
काकूंनी एक फीत ऐकली. मग दुसरी. कानांवरचा हेडफोन काढून विचारलं, ती कुठे गेली?
तो खोकला त्यांच्या मुलीचा होता. पहिल्या चित्रपटाच्या वेळी ती सहा वर्षांची. शांततेत खोकते म्हणून काका तिच्यावर ओरडायचे. त्याच दुखण्यात ती गेली. आणि दुसऱ्या चित्रपटाच्या शांततेत पुन्हा खोकली. म्हणून काका चित्रपट काढत राहिले. कथा, नटमंडळी, सगळा खटाटोप त्या तीस सेकंदांसाठी. कुणी बघितले नाहीत याचं त्यांना कधी काही वाटलंच नव्हतं.
काकू माझ्यावर रागावल्या नाहीत. रिकामा केराचा डबा मांडीत घेऊन बसल्या. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

शुक्रवार, १४ मार्च
काकूंनी दोन दिवस प्रत्येक खोलीत आवाज टेप करायचं यंत्र लावून पाहिलं. नुसतीच शांतता. त्यांच्याकडे बघवत नाही. माझा घसा खवखवतोय, फितींवरची धूळ असेल.

रविवार, १६ मार्च
जेवताना मी खोकले. बारीक. कोरडं. दोनदा.
काकूंच्या हातातलं ताट पडलं. मी पाणी मागितलं, त्यांनी दिलं नाही. पुन्हा एकदा खोक म्हणाल्या.

सोमवार, १७ मार्च
आवाज पार बसलाय. औषध काकूंनी बेसिनमध्ये ओतून दिलं. बॅग भरली आहे, पण त्या मागे बसून माझे केस विंचरताहेत — दोन वेण्या — उठून जाऊ कशी? मीच तर तिला —

मंगळवार
निघाले होते. काकूंनी दारातून परत आणलं. खोलीच्या मधोमध उभी आहे, वही हातात. यंत्र चालू झालंय. हलू नकोस बाळ, तीसच सेकंद, म्हणाल्या. या वेळी कुणी ओरडणार नाही.
जाऊ द्या म्हणायला तोंड उघडलं — खोकलाच आला, दोनदा —
काकू रडताहेत. हसताहेत. तोंडावर हात दाबून, आवाज होऊ नये म्हणून. किती वर्षांनी —
काकूंच्या मागे कुणीतरी उभं आहे. घड्याळ बघतंय. भुवया आक्रसल्यात —
खोकला दाबून धरलाय. येतोच आहे. बाबा, मी मुद्दाम नाही —