आईच्या कडेवरचे मूल

प्रति,
मा. अभिरक्षक,
जुन्या चित्रफितींचे भांडार.

विषय : बालरुग्णालयाच्या फितीतील परिचारिकेच्या कडेवर असलेल्या मुलाबाबत.
संदर्भ : माझे यापूर्वीचे दोन अर्ज व माझ्या धाकट्या भावाचा एक.

महोदय,

सविनय सादर करते की, माहितीपटांसाठी जुनी दृश्ये शोधून देणे हा माझा व्यवसाय आहे. दिग्दर्शक "जुना पूल, थोडी गर्दी" एवढे सांगून मोकळे होतात. धूळ आम्ही खातो. बालरुग्णालयावरील माहितीपटासाठी आपल्याकडील फिती पाहत असता एका दृश्यात मला माझी दिवंगत आई दिसली. ती तेथे परिचारिका होती. चालती-बोलती आई आमच्याकडे दुसरी कुठेही नाही. तिच्या कडेवर एक मूल आहे आणि ती त्याला हसवते आहे.

२. ते मूल मी आहे, असा पहिला अर्ज मी केला. मग मोठ्या मनाने भावाला दृश्य दाखवले, तर ते मूल आपणच, असा अर्ज या शेंडेफळाने ठोकून दिला. आईच्या मांडीवरची जागा त्याने जन्मताच बळकावली होती, आता कडेवरचीही हवी. फीत त्याच्या जन्माआधीची आहे, हे मी दुसऱ्या अर्जात सिद्ध केले. तेव्हा मला आनंदाच्या उकळ्या फुटल्या, हे नाकारत नाही.

३. तथापि आपण खातरजमेसाठी आम्हा दोघांना मोठ्या पडद्यावर दृश्य दाखवले. तपासणीच्या छोट्या पडद्यावर चौकटीच्या कडा थोड्या कापल्या जातात, हे मी वर्षानुवर्षे इतरांना बजावत आले, आणि नेमके स्वतः विसरले. पूर्ण चौकटीत डावीकडच्या कोपऱ्यात एक लहान मुलगी उभी आहे. एक मोजा घसरलेला, आईच्या गणवेशाचे टोक मुठीत. ती मी. कडेवरच्या मुलाच्या मनगटाला रुग्णाची पट्टी आहे.

४. सबब ते मूल कोणाचे, त्याला काय झाले होते, आणि ते दुखणे इतके मोठे होते का की आईने एकदाही खाली पाहू नये, याचा खुलासा व्हावा. ते दगावले असल्यास मात्र कळवू नये. मला त्याचा मनस्वी हेवा वाटतो, आणि गेलेल्या मुलाचा हेवा करणे बरे दिसत नाही.

५. हे दृश्यच माहितीपटातून वगळावे, असे लिहिण्याचे मी ठरवले होते. पण शेजारी बसलेला भाऊ म्हणाला, "ताई, मी तर कुठेच नाही गं. तू निदान कोपऱ्यात तरी आहेस." तेव्हा ती मागणी मी सोडून दिली.

तरी माझे दोन्ही अर्ज रद्द समजावेत. भाऊ त्याचा मागे घेत आहे. नोंदीत "परिचारिका व रुग्ण बालक" हेच राहू द्यावे. माहितीपटासाठी प्रत देताना मात्र पूर्ण चौकट द्यावी. डावी बाजू कापू नये, एवढीच विनंती.

आपली नम्र, व यापुढे या विषयावर त्रास न देणारी,
(सही)
दिनांक : ९ मार्च

सोबत : दोन कोऱ्या डिस्क. एक माझ्यासाठी, एक भावासाठी.