विहिरीकडचा भुईमुगाचा पट्टा

आत्याबाई, तुमच्या या सुनेला लिहिता येत नाही हे तुम्हाला ठाऊक आहे. मी सांगतेय आणि नात लिहितेय. तुमच्याबद्दल वाकडं बोलले की हसते आणि नेमकं तेवढंच नीट लिहून घेते.

विहिरीकडचा पट्टा तुमचा. मामंजींनी बाकी रानात काहीही लावावं, तिथं मात्र भुईमूग. दाणे घाण्यावर न्यायचे, तेल घराला, पेंड म्हशीला. मग रेशनवर परदेशातलं पामतेल आलं. बोटी भरभरून येतंय, असं सायखेड्याच्या बाजारात व्यापारी सांगायचा आणि शेंगेचा भाव पाडून मागायचा. मीही डबा घेऊन रांगेत उभी राहिले. थंडीत ते तेल गोठलं, तेव्हा तुम्ही शेजारणींसमोर डबा उलटा धरलात. "थंडीला जे तेल निजतंय, ते माणसाला काय उठवणार?" त्या हसल्या. पण रांगेत त्याही होत्या. स्वस्त होतं ना.

घाण्यावरचा तो शेवटचा दिवस मला आत्ता दिसतोय. तुम्ही पुढे, डोक्यावर दाण्यांचं गाठोडं. मी मागे, रिकामी किटली घेऊन. घाणा उभा आहे, बैल नाही. घाणेवाले ओट्यावर बसलेत. बैल विकला म्हणाले, दाणे आणणारं तुमचं एकच घर राहिलं. "आजी, गाळायला जेवढं पडतंय त्यापेक्षा दुकानातलं तेल स्वस्त हाय. माझ्याकडं लोक नुसते तंबाखू खायला येतात." पुढे ते नाशकात गेले, तिथल्या द्वारका चौकात ट्रकमधली पोती उतरवायला. त्या दिवशी तुम्ही गाठोडं परत डोक्यावर घेतलंत. मला बोलण्यात कधी कमी केलं नाहीत, पण घर येईपर्यंत ते माझ्याकडं दिलं नाहीत.

तरी पट्टा सोडला नाहीत. पेरणं थांबलं की बी मरतं, म्हणायचात. तुम्ही गेल्यावर मी यांच्यामागं लागून आणखी एक साल भुईमूग पेरायला लावला. शेंगा लगडल्या. गाळायच्या कुठं? भाजून खाल्ल्या, उकडून खाल्ल्या, पोरं कंटाळली. बाजारच्या भावात काढणीची मजुरीही निघेना. पुढच्या साली तिथं कांद्याची रोपं लागली. यांनी विचारलं होतं मला. मी हो म्हटलं.

नात विचारते, पत्ता काय घालू? म्हटलं, राहू दे, पेटीत ठेव. तुम्ही गेलात तेव्हा मी चारचौघींबरोबर रडले, रीतच होती. पट्ट्यात कांदा लागला त्या दिवशी मात्र बांधावर बसले आणि माझं मला रडू आलं. कांद्याच्या रोपानं कुणाच्या डोळ्यांत पाणी येत नाही, म्हणून सांगायला निमित्तही नव्हतं.