नळावरचे नमदे

मी, ओमुराली सादिरोव, राहणार नारिन, हे मृत्युपत्र कोणाच्याही दबावाखाली न येता लिहीत आहे. डोके जागेवर आहे. गुडघे नाहीत, पण कायदा गुडघ्यांबद्दल विचारत नाही.

घर रिवाजाप्रमाणे धाकटा मुलगा मिर्लान याचे. तो रशियात असतो. तो परतेपर्यंत, आणि परतला नाही तर शेवटपर्यंत, माझी पत्नी आयिमकान तिथे राहील. तिला कोणी उठवू नये.

घोडा थोरला भाऊ जुमाकादिर यास. खोगीर त्याने पूर्वीच नेले आहे.

आता माळ्याविषयी. स्वयंपाकघराचा नळ थंड माळ्यावरून येतो. वडिलांच्या लोकरी तंबूचे नमदे, म्हणजे दाबलेल्या लोकरीची जाड आच्छादने, कापून मी तो झाकला आहे. नळाखाली मुद्दाम काही घातलेले नाही, खालच्या खोलीची ऊब त्याला मिळावी म्हणून. नमदे काढले तर नळ एका रात्रीत गोठेल. आयिमकानची बोटे संधिवाताने वाकली आहेत. नदीवरून बादली आणणे तिला जमणार नाही.

मी गेल्यावर रिवाजाप्रमाणे अंगणात तंबू उभारून दफनापर्यंत तीन दिवस मला त्यात ठेवतील. तो तंबू झाकायला नळावरचे नमदे काढू नयेत. शेजाऱ्यांकडून मागून आणावेत, नाहीतर ताडपत्री घालावी. एप्रिलनंतर वारलो तर हे कलम रद्द समजावे.

जुमाकादिरला सांगून पाहिले.

"ताडपत्रीत? तू काय बटाट्याचं पोतं आहेस? आणि वडिलांचे नमदे घरात असताना दुसऱ्याच्या दारात जायचं? लोक माझ्या तोंडात शेण घालतील."

"आणि हिला पाणी?"

"अरे, तीन दिवसांचा तर प्रश्न. मग परत गुंडाळू की."

"माळ्यावर कोण चढणार? तू?"

तो चहा पीत राहिला.

आयिमकान म्हणाली, "राहू द्या हो. मी बर्फ वितळवीन."

मृत्युपत्र दफनानंतर वाचतात. तोवर नमदे निघालेले असतील. म्हणून शेवटचे कलम फक्त आयिमकानसाठी: नळ फुटला नसेल तर आधी खालची तोटी उघड. मग गरम पाण्यात पिळलेली फडकी तोटीच्या बाजूने वर वर गुंडाळत जा. जाळ लावू नकोस. शिडीवर एकटी चढू नकोस. कोणाला बोलवायचे ते मला सुचलेले नाही.

नारिन, २६ नोव्हेंबर
सही: ओमुराली सादिरोव

साक्षीदार:
तेमिरकान असानोव, शेजारी
जुमाकादिर सादिरोव, थोरला भाऊ (मजकूर ऐकला. नमद्यांचे मान्य नाही.)