माईक आणि मालक

७ फेब्रुवारी
माफ कर गं वही, फार दिवस तुला हात लावला नाही. लिहायचं काय? शोभा झाली माझी! मंगळवारी दुपारच्या अजानमध्ये मी पहाटेची ओळ म्हणून मोकळा झालो – ‘नमाज झोपेपेक्षा भली.’ भर उन्हात! भोंग्यावरून, अख्ख्या मोहल्ल्याला! काळे केस होते तेव्हापासून अजान देतोय, आणि आता हे.

खाटीक म्हणाला, “चाचा, खरंच डुलकी लागली होती हो. तुम्हाला तिथून दिसलं कसं?” सगळे हसले. दात नाहीत, तरी मीही हसलो.

९ फेब्रुवारी
इमामसाहेब नातवाच्या वयाचे. हळूच म्हणाले, “गळाही बसलाय तुमचा. थोडा आराम करा, चाचा. अजान प्लंबर देईल.”

प्लंबर! त्यानं दुरुस्त केलेला आमचा नळ अजून गळतोय. आवाज मात्र – खोटं कशाला बोलू – मधासारखा.

१० फेब्रुवारी
मशिदीत गेलो नाही. गुडघे दुखतात.

११ फेब्रुवारी
आजही गुडघे.

१४ फेब्रुवारी
बायको म्हणाली, “अहो, माईक होता तेव्हा भर पावसात पळत होतात. आताच कसे धरले गुडघे?”

मी चिडलो. “माझं अल्लावर सगळ्यांहून जास्त प्रेम आहे!”

“माझ्याहून?”

“तुझ्याहूनही!”

“ते माहितीये हो. माईकहून आहे का, तेवढं सांगा.”

रागानं जेवलो नाही. मग जेवलो.

शाळा चौथीपर्यंत, त्यामुळे विचारही तेवढाच होतो. तरी केला. पोराबाळांहून, जिवाहून अल्ला प्यारा हवा – मीच लोकांना सांगत आलो. सगळ्यांना बाजूला सारून जागा रिकामी केली, आणि तिथं बसवलं कुणाला? माझ्याच आवाजाला! अजान झाली की जिना उतरताना लोकांची तोंडं बघायचो – कोण वाहवा करतंय? ज्याच्यासाठी हाक दिली, त्याची आठवण जिना संपल्यावर. तीही रोज नाही.

गाढव कुठला!

१७ फेब्रुवारी
गेलो. शेवटच्या रांगेत बसलो. प्लंबरनं अजान दिली. आधी जळलो, मग रडू आलं.

खाटीक शेजारीच. “काय झालं, चाचा?”

“डोळ्यात काहीतरी गेलं.”

“दोन्हींत?”

२० फेब्रुवारी
घशाच्या डॉक्टरीणबाईंनी नळी घालून बघितलं. गाठ आहे. काढायलाच हवी. “आवाज राहील ना?” विचारलं. “सांगता येत नाही, आजोबा.”

बायको रिक्षात टोमणा मारेल म्हणून वाट बघत होतो. तिनं नुसता हात धरला.

२३ फेब्रुवारी
उद्या ऑपरेशन. बोलायची बंदी. पहाटे खाटेवर बसूनच अजान दिली – मनातल्या मनात. बायकोलासुद्धा कळलं नाही.

या अल्ला, ही पहिलीच, फक्त तुझ्यासाठी. पोहोचली का? लवकर कळव.