म्हाताऱ्या देवमाशाचा श्वास

टोकियो, नोव्हेंबर

प्रिय तोमिएताई,

इथूनच वाकून नमस्कार (कंबर धरली आहे, त्यामुळे अर्धाच पोचेल). तुझे गुडघे कसे आहेत? यंदा पर्सिमनची फळं सोलून ओसरीवर वाळत टांगलीस का? पाठवू नकोस असं मी म्हणणार नाही.

तू विचारलंस, हल्ली पडद्यावर दिसत का नाहीस. ताई, पडद्यावर होतो तेव्हा तरी कुठे दिसायचो? तलवारीच्या चित्रपटांत मी मरणाऱ्यांपैकी. (तेही पाठमोरा, चेहरा दाखवून मरायला वशिला लागायचा.) एकदा गवतात मरून पडलो, ऊन कोवळं होतं, डोळा लागला. उठून बघतो तर दोन्ही सैन्यं जेवायला गेलेली. मग टीव्हीच्या मालिकेत आठ वर्षं सार्वजनिक न्हाणीघराचा मालक होतो. अजूनही आमच्या गल्लीतल्या न्हाणीघरात लोक माझ्याकडे साबण मागतात, आणि मी देतोही.

आता नुसतं आवाजाचं काम. लहान मुलांच्या कार्टूनमध्ये मी म्हातारा देवमासा आहे. वाक्य एकही नाही, फक्त श्वास. मी ते इतकं मनावर घेतलं, की आठवडाभर किनाऱ्यावर बसून लाटेबरोबर श्वास घेत होतो (एका कोळ्याने दमेकरी समजून पाठ चोळून दिली). रेकॉर्डिंग दुपारच्या जेवणानंतर होतं. दिवे मंद, समोर पडद्यावर निळं पाणी हलतंय, देवमासा सावकाश खाली खाली चाललाय. मीही गेलो त्याच्याबरोबर. तळाशी आपली जुनी होडी होती, बाबा जाळं विणत होते, आणि तू परकर खोचून वेणीतला समुद्र पिळत होतीस. कुणाला कसलीच घाई नव्हती.

जाग आली तेव्हा अर्धा तास घोरून झाला होता. काम गेलंच असं समजून मी माफी मागायला इतका वाकलो, की माइकच्या दांडीवर कपाळ आपटलं. काचेपलीकडून दिग्दर्शिका कान्झाकीबाई हलकेच म्हणाल्या, "हातानाकासान, चाळीस वर्षं अभिनय कशाला करत बसलात?"

घोरणं तसंच ठेवलं. त्यावर गावोगावची पोरं झोपतात म्हणे.

तुझा धाकटा,
शिगेमित्सु

ता. क. आईचा फोन आला होता. दिसेनासं झाल्यापासून दुपारी फक्त टीव्ही ऐकते, आणि देवमासा आला की शांत झोप लागते, म्हणाली. "तू त्याच्याकडून काही तरी शीक," असंही म्हणाली. मी हो म्हटलं.

पुन्हा ता. क. कार्यक्रम महिनाअखेर बंद होतोय. आईच्या शेजारच्या खोलीत माझं अंथरूण घालशील? मी आलोय हे तिला सांगू नकोस. टीव्ही चालू आहे म्हण.